सातखाडीचा खवलेटोप

घाटकोपर,
६ डिसेंबर १९७०, रविवार

सगुणा,

आपल्या गोष्टीचं चौथं प्रकरण गुरुवारीच मिळालं. दोनदा वाचल्याशिवाय लिहायचं नाही असं ठरवलं होतं. सहा वेळा वाचलं.

आधी जुनं भांडण उरकतो. पहिल्या प्रकरणात मी सातखाडीच्या राजाला नवरत्नांचा सोन्याचा मुकुट दिला होता. तू दुसऱ्यात तो चोरांच्या हवाली केलास आणि जागेवर जिताड्याच्या खवल्यांचा टोप आणून ठेवलास. मी गप्प बसलो. राज्याभिषेकाला हा टोप डोक्यावर चढवायचा आणि घालणारा खोटं बोलला की एकेक खवला काळा पडत जायचा, ही जादू मला आवडली म्हणून गप्प बसलो. 'सोन्याचा मुकुट पाण्यात पडला तर गेला, खवल्यांचा टोप पाण्यात पडला तर घरी गेला' हे तुझं वाक्य काशीरामभाऊंनी वहीत लाल शाईने उतरवलंय. चेंबूरच्या वाचनालयाचं हे हस्तलिखित ते चालवायला लागल्यापासून त्यांनी लाल दौत पहिल्यांदाच उघडली. माझ्या प्रकरणांना निळी शाईसुद्धा पातळ करून वापरतात असा मला संशय आहे. असो.

आता मुद्दा. चौथ्यात राजकन्या शुक्ती टोप पदराखाली लपवून एकटी होडी हाकत खाडीबाहेर जाते. तू लिहितेस, 'वल्हं मारताना आधी तळहात दुखतात, मग खांदे, मग काहीच दुखत नाही, आणि तेव्हाच घाबरायचं.' पुढे लिहितेस, काळ्या खडकाच्या उजवीकडे बुडालेला खुंट आहे, तो होडीला खालून घासला की अंग डावीकडे टाकायचं.

कॉलेजात असताना तूच मला सांगितलं होतंस की तुमच्या पाड्यातल्या बाया होडीत पाय ठेवत नाहीत. तुझे वडील तू लहान असताना वारले, आजोबाही आता नाहीत. घरात तू आणि तुझी आई, ती चेंबूरच्या बाजारात मासळी विकते. मग हे तळहात कुणाचे? ऐकीव माहिती मला ओळखता येते. ही ऐकीव नाही. कुणीतरी तुझ्याजवळ बसून, हात उघडून दाखवून सांगितलेली आहे.

सहज विचारतो आहे. तुझं प्रकरण मी शुक्रवारीच काशीरामभाऊंकडे पोचवलं. सोबत माझं पाचवं.

चंद्रप्रकाश

---

माहूल,
१० डिसेंबर १९७०

चंद्रप्रकाश,

सहा वेळा वाचून एवढंच कळलं? छापखान्यात दिवसभर उलटे खिळे जुळवून तुला सरळ ओळही उलटी दिसायला लागली आहे. खरं काय ते सांगू? राजकन्या होडी हाकते आणि तुझा वज्रकेतू राजवाड्याच्या गच्चीत उभा राहून उसासे टाकतो, हे तुला खुपतंय. मग त्यालाही काहीतरी काम दे ना. दोन प्रकरणं झाली, त्याने अजून साधी मिशीसुद्धा पुसलेली नाही.

आमच्याकडे शनिवारी वही आली की हरेश्वर गुरुजी देवळाच्या ओट्यावर बसून मोठ्याने वाचतात. बाया सुकट निवडत ऐकतात, बाप्ये जाळी शिवत. तू लिहिलेले संस्कृत शब्द आले की गुरुजी खाकरतात आणि सोपे करून सांगतात. सरूबाईला तर शुक्तीचं इतकं वेड लागलंय की ती बाजारात गिऱ्हाइकांना गोष्ट सांगते. सरूबाई म्हणजे पाड्यात जिचा शब्द चालतो ती. चौथं ऐकून म्हणाली, ही पोर होडीत बसून आली काय. सगळे हसले.

कुणी सांगितलं ते विचारू नकोस. सांगण्यासारखं होतं ते प्रकरणात लिहिलं.

उलट मीच एक विचारते. मागच्या आठवड्यात वसुधा भेटली, आपल्या कॉलेजातली. तू कॉलेज का सोडलंस त्याबद्दल ती काही वेगळंच बोलत होती. मी तिला मध्येच तोडलं. बरोबर केलं ना?

सगुणा

---

घाटकोपर,
१३ डिसेंबर १९७०

सगुणा,

वसुधाला दुसऱ्यांच्या भानगडीत भारी रस. कितीदा सांगू? केमिस्ट्रीचे सर एका गरीब मुलाला फी थकली म्हणून भर वर्गात नको ते बोलले, मी उठून वही टेबलावर आपटली आणि बाहेर पडलो. माफी माग म्हणाले, मागितली नाही. आमच्या चाळीत सगळ्यांना माहीत आहे. माझे वडील गिरणीत होते तेव्हा मुकादमाशी असेच भांडले होते. ते तर गावाकडच्या पत्रांतसुद्धा हे अभिमानाने लिहितात.

तू प्रश्नाला प्रश्नाने उत्तर दिलंस. ज्याला उत्तर द्यायचं नसतं तो असंच करतो.

शुक्रवारी मी माहूलला आलो होतो. तुला भेटायला नाही, नुसता धक्क्यावर उभा राहिलो. तेल कंपनीच्या टाक्यांकडून येणारा तो वास नाकात बसलाय, अजून जात नाही. अकरा होड्या आल्या. चौदा तरुण उतरले, मी मोजले. त्यातल्या एकाने मला, कुणाला शोधतो रे, असं विचारलं. निळी बनियन, कानात भिकबाळी. मी म्हटलं कुणाला नाही. तो हसला. का हसला?

मी गोडगोड लिहिणारा माणूस नाही. तुला माझ्याबद्दल काय वाटतं हे मला सहा महिन्यांत कळलेलं नाही आणि मला तुझ्याबद्दल काय वाटतं हे पाचव्या प्रकरणात गच्चीवरच्या त्या दीड पानात लिहिलेलं आहे. तू त्याला उसासे म्हणतेस.

नाव सांग. एवढंच. नाव कळलं की मी बाजूला होईन किंवा होणार नाही, ते माझं मी बघेन. सहावं प्रकरण तुझं आहे. सातवं माझं आहे हे लक्षात ठेव.

चंद्रप्रकाश

---

माहूल,
२१ डिसेंबर १९७०

चंद्रप्रकाश,

सोबत सहावं प्रकरण. शुक्ती टोप घेऊन परत आली आहे. तिला इथून पुढे नीट वागव.

तुझ्या पत्राची शेवटची ओळ धमकी होती का? मी ती दोनदा वाचली. नसेल तर माफ कर, असेल तर लाज वाटू दे.

नाव नाही. तुला वाटतं तसलं कुणी नाही. पण ज्याने मला हे सांगितलं त्याची ती गोष्ट आहे, माझी नाही. दुसऱ्याची वस्तू मी तुझ्यासाठी उघडणार नाही. एवढ्यावर तुझं भागायला हवं.

मार्चअखेर परीक्षा आहे. आमच्या पाड्यातून बी.ए.पर्यंत पोचणारी मी पहिली, त्यामुळे नापास झाले तर तेही सगळ्यांच्या लक्षात राहील. तुझ्याबद्दल मला काय वाटतं ते परीक्षा झाल्यावर बोलू. मी नाही म्हटलेलं नाही, हे तुझ्या लक्षात येतंय का?

सगुणा

---

घाटकोपर,
२८ डिसेंबर १९७०

सगुणा,

'दुसऱ्याची' हा शब्द वाचला. आणि तू 'ज्याने' लिहिलं आहेस.

सातवं प्रकरण काशीरामभाऊंकडे दिलं. एरवी मी तुला आधी पाठवतो. या वेळी पाठवलं नाही.

चंद्रप्रकाश

---

माहूल,
१७ जानेवारी १९७१

चंद्रप्रकाश,

काल शनिवार होता. गुरुजींनी सातवं वाचलं. ते आधी चाळून बघत नाहीत, सगळ्यांबरोबर ऐकण्यात मजा आहे म्हणतात.

दरबार भरला. शुक्तीच्या डोक्यावर टोप चढवला. वज्रकेतूने विचारलं, 'बुडालेला खुंट तुला कुणी दाखवला? वल्हं धरायला तुला कुणाच्या हातांनी शिकवलं? त्या पुरुषाचं नाव सांग.' शुक्ती म्हणाली, 'असा कुणी नाही.' आणि एकेक करत सगळे खवले काळे पडले.

'सगळे' म्हणताना गुरुजींचा आवाज खाली गेला. ही शुक्ती कोण लिहितं आणि तो वज्रकेतू कुणाचा, हे इथल्या शेंबड्या पोरालाही माहीत आहे. आई माझ्या शेजारी सुकट निवडत होती. तिचा हात थांबला नाही, पण निवडलेल्यात ती न निवडलेली टाकायला लागली.

मग सरूबाई म्हणाली, "पन तो खुंट तं खराच हाय. त्या वाटनं सगुनेचा आजाच जायचा. आजा, नं तो उरनचा मुका पोऱ्या."

आता पुढचं. तुला सांगावं की नाही हे अजून ठरलेलं नाही, पण लिहायला बसले आहे.

बाबा गेल्यावर घरात कमावणारे फक्त आजोबा उरले आणि त्यांना जवळजवळ दिसत नव्हतं. तरी आमची होडी दोन वर्षं खाडीत जात राहिली, कारण त्यांच्या मदतीला उरणहून त्यांच्या बहिणीचा नातू आला होता. मुका होता. डोक्याला आजोबांचाच लाल रुमाल, कपाळापासून हनुवटीपर्यंत गुंडाळलेला. पाड्यात तो कधी वर आला नाही, होडीतच झोपतो असं आजोबा सांगायचे. सरूबाईने कीव येऊन त्याला दोनदा भाकरी पाठवली होती. मी तेव्हा अकरा वर्षांची होते.

उरणला आजोबांना बहीण नव्हती.

ती आई होती.

आणि त्याच दोन वर्षांत शिवदासदादा, सरूबाईचा मुलगा, होडीसकट गेला. आमच्या पाड्यात मानतात, बाईचा पाय होडीला लागला की खाडी माणूस मागते. तू हसशील. शिवदासदादा आमच्या चुलीपाशी बसून जेवला नसता तर मीही हसले असते. आई गेली आठ वर्षं बाजारात सरूबाईच्या शेजारी टोपली लावून बसते आणि हे पोटात ठेवते. मला तिने हे एकदाच सांगितलं, तळहात उघडून दाखवून. तेवढं तू बरोबर ओळखलंस. 'ज्याने' मी मुद्दाम लिहिलं होतं. 'जिने' लिहिलं असतं तर तू दोन दिवसांत ओळखलं असतंस.

सरूबाई रागावलेली नाही, तेच तर वाईट आहे. ती म्हणते, मुका पोऱ्या अजून चोरून येत असणार, पोरीला भेटत असणार, एवढं बारीक तिला दुसरं कोण सांगेल. माणूस कष्टाचा आहे, नुसता बोलत नाही, ते बरंच. उरणला दोन माणसं पाठवा, त्याला शोधून आणा, होळीच्या आत लग्न लावा. तोवर पोरीचं कॉलेज बंद. सगळ्यांनी माना डोलावल्या.

तू माझ्यासाठी नवरा शोधलास, चंद्रप्रकाश. तो माझी आई आहे.

खरं सांगितलं तर शिवदासदादाचं मरण आईच्या माथी. गप्प बसले तर माझं शिक्षण संपलं, आणि उरणहून माणसं हात हलवत परत आली की मी कुणाचं नाव लपवते आहे असं होणार.

हे पत्र जाळ. तू जाळशील, की आठव्या प्रकरणात वापरशील, याची मला खात्री नाही. पण तू काय केलंस ते तुला कळल्याशिवाय राहू नये.

सगुणा

---

घाटकोपर,
१९ जानेवारी १९७१

सगुणा,

पत्र जाळलं. छापखान्याच्या मागे, रद्दीच्या डब्यात, आणि काडीने राख ढवळली.

रागाच्या भरात लिहिलं असं म्हणणार नाही. राग एका तासात उतरला होता. प्रकरण मी तीन दिवस लिहीत होतो. 'एकेक करत' हे शब्द शेवटच्या दिवशी सुचले आणि मी खूश होऊन चहा प्यायला गेलो होतो. हे तुला कळलेलं बरं.

दुसरं. वसुधा जे बोलत होती ते खरं आहे. सरांनी कुठल्याही मुलाचा अपमान केला नव्हता. केमिस्ट्रीच्या पेपरला माझ्या शर्टाच्या बाहीत चिठ्ठ्या सापडल्या. चार. प्रिन्सिपलच्या खोलीत मी रडलो. दोन वर्षं परीक्षेला बसायचं नाही असं कळवलं, मी पुन्हा गेलोच नाही. वही आपटल्याची गोष्ट मी घरी येताना रस्त्यात रचली आणि ती इतकी चांगली जमली की पुढे बदलता आली नाही.

बाहीत चिठ्ठ्या घालून बसणाऱ्या माणसाने तुझ्या डोक्यावर टोप चढवला. मला दुसरं काही लिहिता येत नाही.

उरणला माणसं जाऊ देऊ नकोस. पंधरा दिवस थांबव, काहीही कारण सांग. मी सावरतो.

चंद्रप्रकाश

---

माहूल,
२२ जानेवारी १९७१

चंद्रप्रकाश,

काय सावरणार आहेस ते लिहिलं नाहीस, म्हणून जास्त भीती वाटते. काही करू नकोस. तू काही केलंस की ते दोघांना निस्तरावं लागतं.

चिठ्ठ्यांचं वाचलं. चार होत्या हे वसुधाला माहीत नव्हतं.

माणसं अमावास्येनंतर जाणार आहेत.

सगुणा

---

घाटकोपर,
१ फेब्रुवारी १९७१

सगुणा,

तू नको म्हणालीस. पत्र मिळालं होतं. तरी केलं. आता गुरुजींकडून कळण्याआधी माझ्याकडून कळावं म्हणून छापखान्यातूनच लिहितो आहे.

काल वाचनालयात महिन्याची बैठक होती. तीसेक माणसं असतील. तुमचे हरेश्वर गुरुजी पुढच्याच बाकावर. मी उभा राहिलो आणि म्हटलं, चौथ्या प्रकरणातली होडीची दोन पानं सगुणाची नाहीत, माझी आहेत. तिची प्रकरणं माझ्या हातून काशीरामभाऊंकडे येतात, मी ती दोन पानं तिला न विचारता घुसडली. तीही माझी नाहीत, कॉलेजच्या लायब्ररीत खाडीच्या पाहणीचं एक इंग्रजी पुस्तक होतं, त्यातून उचलली. खुंट, खडक, तळहात, सगळं. आणि सातव्यात तिलाच खोटं ठरवलं, कारण तिने मला भाव दिला नाही.

काशीरामभाऊ म्हणाले, "कुठलं पुस्तक?" मी म्हटलं, लाल पुठ्ठा, नाव फाटलेलं. गुरुजी म्हणाले, "अरे पण आमचा तो खुंट साहेबाच्या पुस्तकात कसा आला?" मी म्हटलं, साहेब सगळं मोजतो, खुंटसुद्धा. लोक थोडे हसले, पण पटलं नव्हतं. काशीरामभाऊ चष्म्यावरून बघत राहिले. तू हे आजवर का लपवलंस, विचारलं त्यांनी.

मग मी चिठ्ठ्यांचं सांगितलं. परीक्षेत पकडलो गेलो, नक्कल करायची सवयच आहे म्हटलं. त्यानंतर कुणी काही विचारलं नाही. सगळं लगेच पटलं.

माझे वडील दारात उभे होते. मला ते दिसले नव्हते. पुस्तक बदलायला आले होते. पुस्तक न बदलताच गेले. घरी जेवताना त्यांनी माझ्याकडे मीठ मागितलं, एवढंच.

काशीरामभाऊंनी मला हस्तलिखितातून काढलं. सातवं प्रकरण फाडायला घेतलं होतं, पण पहिल्या पानाच्या पाठीवर तुझं सहावं संपतं, म्हणून फाडता येईना. मग त्यावर कोरा कागद चिकटवला. खळ मीच करून दिली.

उरणची माणसं आता जाणार नाहीत. तुझ्या आईचं नाव कुठेही आलेलं नाही.

चंद्रप्रकाश

---

माहूल,
१२ फेब्रुवारी १९७१

चंद्रप्रकाश,

गुरुजींनी शनिवारी ओट्यावर सगळं सांगितलं. बायांनी तुला मनसोक्त शिव्या घातल्या, त्यातल्या दोन मला नव्या होत्या. सरूबाईने सगळ्यांदेखत माझ्या पाठीवरून हात फिरवला. उरण रद्द. कॉलेज सुरू. मी म्हटलं, सुटलो.

घरी आल्यावर आई म्हणाली, ते होडीचं परत वाच. माझ्याकडे कच्चा कागद होता, वाचला. म्हणाली, "नं हे पुस्तकान हाय? लाल पुस्तकान?" मी समजावलं, ते खोटं आहे, आपल्याला वाचवायला त्या मुलाने रचलंय. तिने ऐकलं. भाकरी थापल्या. मग म्हणाली, "साएबाचं तलहात दुखलं व्हतं काय?"

मला तेव्हाच कळायला हवं होतं.

दुसऱ्या दिवशी बाजारात, टोपल्या मांडून झाल्यावर, गिऱ्हाईक यायच्या आधी, तिने सरूबाईसमोर दोन्ही हात उघडे धरले. मी बाजूला बर्फ फोडत होते. "सरू, तुजी भाकर मीच खाल्लेली. दोनदा. तो मुका पोऱ्या म्हंजे मी. दोन वर्सं मी जेलते होरीवर. पुस्तकान नाय काय लिवलेलं, हितं लिवलंय."

चंद्रप्रकाश, आठ वर्षं ती शिवदासदादाच्या नावाला घाबरून गप्प होती. माझ्या लग्नाची गोष्ट निघाली तरी तिच्या तोंडून शब्द फुटला नव्हता. आणि तिचे घट्टे कुठल्या तरी साहेबाच्या नावावर गेले म्हटल्यावर तिला एक रात्र धीर निघाला नाही. तुझ्या खोट्याने मला वाचवलं आणि तिला चिडवलं. दोन्ही तू ठरवून केलं नव्हतंस.

सरूबाईने टोपली उचलली आणि दुसऱ्या टोकाला जाऊन बसली. चार दिवस. पाड्यात बोलणी झाली, आईने खाडीला नारळ द्यावा असं ठरलं, आईने दिला. काही जण अजून आमच्या दारावरून जाताना मान वळवतात. पाचव्या दिवशी सरूबाई परत आली, कारण त्या टोकाला ऊन येतं आणि मासळी उतरते. बोलली नाही. दुपारी अचानक विचारलं, "शिवदास जेला त्या दिशी तू पान्यावर व्हतीस?" आई म्हणाली, "व्हते. आमीच शोधाया जेलो सगल्यांच्या आधी. वल्हं मीच मारलं." मग सरूबाईने आपल्या टोपलीवरचं ओलं फडकं अर्धं आईच्या टोपलीवर ओढलं. त्याच्यापुढे काही झालेलं नाही. अजून बोलत नाहीत.

उरलेली दोन प्रकरणं काशीरामभाऊंनी मला एकटीला लिहायला सांगितली आहेत. मी हो म्हटलं. ती दोन पानं माझीच होती, हे आता त्यांनाही कळलं आहे. ते तुझ्याबद्दल काही बोलले नाहीत, नुसतं 'वेडा आहे' म्हणाले.

परीक्षेनंतर बोलू म्हटलं होतं, पण ते आता तेवढं सोपं राहिलेलं नाही. तीस माणसांपुढे तू स्वतःच्या डोक्यावर काय ओढून घेतलंस ते मी विसरणार नाही. आणि मी 'नाव नाही' असं स्पष्ट लिहिलेलं असताना तू तीन दिवस बसून दरबार भरवलास, तेही नाही. कुठलं जास्त वजनदार आहे हे मला खरंच अजून कळत नाही.

हल्ली वही आमच्याकडे तुळशीदास घेऊन येतो. मानखुर्दचा आहे, माझ्या कॉलेजात एक वर्ष पुढे. प्रकरण लिहून झालं की तोच चेंबूरला पोचवणार आहे.

काही दिवस पत्र लिहू नकोस असं लिहिणार होते. पण लिही. काय लिहितोस ते मला बघायचं आहे.

सगुणा

---

घाटकोपर,
१५ फेब्रुवारी १९७१

सगुणा,

तुझ्या आईला माझा नमस्कार सांग. साहेबाचं पुस्तक मागे घेतलं आहे असंही सांग. काशीरामभाऊंना काल भेटून तसं सांगून आलो. ते म्हणाले, जी चोरी केली नाहीस तीही कबूल करणारा पहिलाच बघतो आहे, आता केलेल्या चोरीचं काय करणार आहेस ते बोल. वाचनालयात पुस्तकं बदलायला यायची परवानगी आहे. लिहायची नाही. ठीक आहे.

वडील शनिवारी बोलले. मुकादमाशी ते भांडले नव्हते. मुकादमाने त्यांना काढलं होतं आणि ते मान खाली घालून बाहेर आले होते. एवढंच सांगून पेपर वाचत बसले. पेपर उलटा नव्हता, पण पान एकच होतं, बराच वेळ.

बंदीची दोन वर्षं जूनमध्ये संपतात. बाहेरून परीक्षेला बसायचा फॉर्म मागवला आहे. केमिस्ट्री नाही, मराठी.

आठव्या प्रकरणासाठी एक सांगावंसं वाटतं, वापरू नये असं वाटलं तर सोडून दे. वज्रकेतूला मारून टाकू नकोस. त्याला होडी पुसायला ठेव. मिशी काढून टाकली तरी चालेल.

तुझ्या पत्रात एक नाव आहे. बाकीच्या शब्दांइतकंच मी ते वाचलं. हे खोटं आहे, जास्त वाचलं. त्यावर तीन पत्रं लिहिली आणि तिन्ही फाडली. त्यांत ओळीओळीला प्रश्न होते. या पत्रात एकही नाही, तू शोधून बघ.

वही वेळेवर पोचू दे.

चंद्रप्रकाश